भाज्या भाजायच्या, शिजवायच्या नाहीत

जाडसर पोळीवर दही आणि भाजलेल्या भाज्या असा हा पदार्थ पहिल्यांदा केला तेव्हा नणंद जेवायला होती. ताट समोर आल्यावर तिनं पोळी मोडायला हात घातला, तर तुकडा निघायच्या ऐवजी मधला सगळा भाग लगद्यासारखा बोटांना चिकटून आला. वरच्या गाजराच्या फोडी ताटभर घरंगळल्या. ती फार भली आहे. बोटं पुसत एवढंच म्हणाली, "वहिनी, हे ताटात वाढायचं की वाटीत?" मग सगळ्यांनी चमच्यानं खाल्लं. चव वाईट नव्हती, पण मला भाजलेल्या भाज्या करायच्या होत्या आणि झाल्या होत्या वाफवलेल्या. पोळीला तर त्यांच्याच रसानं अंघोळ घातली होती.

त्या हिवाळ्यात मी हाच पदार्थ सात-आठ वेळा केला. जिद्दीनं म्हणा किंवा चिडून म्हणा. प्रत्येक वेळी काही ना काही चुकायचं, आणि चुकीच्या तळाशी दर वेळी पाणीच सापडायचं. भाजीतलं, दह्यातलं, पोळीतलं. म्हणून खाली जे सांगते आहे त्यात मसाल्यांपेक्षा पाण्याबद्दलच जास्त आहे.

पदार्थ तसा सरळ आहे. खाली नानच्या जातीची जाडसर मऊ पोळी, तिच्यावर चक्का आणि ताहिनीचा (म्हणजे वाटलेल्या तिळांचा) थर, त्यावर भाजलेल्या हिवाळी भाज्या, वर भरड कुटलेला दाणे-मसाला आणि शेवटी कडकडीत फोडणी. ताहिनी लेबनॉन-सीरियाकडची, भरड मसाला इजिप्तच्या दुक्काच्या धर्तीवर, पोळी आणि फोडणी आपल्या ओळखीची. फ्यूजन हा शब्द मला खरं तर भीती घालतो, कारण बरेचदा त्याचा अर्थ कशावरही चीज घालणं एवढाच असतो. इथे जमतं, कारण ही स्वयंपाकघरं एकमेकांना आधीपासून ओळखतात. तुर्कस्तानात चिलबिर नावाचा पदार्थ आहे: लसूण घातलेल्या दह्यावर पाण्यात शिजवलेली अंडी आणि वरून लाल मिरची घालून तापवलेलं लोणी. म्हणजे दह्यावर फोडणीच की.

आदल्या रात्रीचं काम एकच. अर्धा किलो घट्ट दही पातळ सुती फडक्यात बांधून चाळणीत ठेवा, चाळणी पातेल्यावर, आणि सगळं फ्रिजमध्ये. सकाळी पाव किलोच्या आसपास चक्का मिळतो. मी सुरुवातीला दोन तास टांगून भागवत होते. तो चक्का वाटीत घट्ट दिसतो, पण गरम भाजीखाली गेला की पाणी सोडतो. रात्रभरच ठेवा. खाली जमलेलं पाणी फेकू नका, कणीक भिजवायला लागेल.

पोळीसाठी २०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम कणीक, एक छोटा चमचा इन्स्टंट यीस्ट, एक छोटा चमचा मीठ, अर्धा चमचा साखर, १०० ग्रॅम साधं दही आणि एक मोठा चमचा तेल. त्यात दह्याचं ते पाणी कोमट करून घाला, साधारण ११० मिली. सगळं एकदम ओतू नका, कारण प्रत्येक पिठाची तहान वेगळी. गोळा पोळीच्या कणकेपेक्षा सैल हवा, हाताला जरा चिकटणारा. इथे माझा हात आपोआप पिठाच्या डब्याकडे जायचा, सवयच तशी. पीठ घालू नका. दहा मिनिटं झाकून ठेवा आणि मग मळा. पीठ तोवर पाणी शोषतं आणि चिकटपणा निम्म्यानं कमी होतो. आठ मिनिटं मळून, तेलाचा हात लावून, दुप्पट होईपर्यंत झाकून ठेवायचं. उबेत दीड तास, थंडीत दोन-अडीच. याचे चार गोळे होतात, चार माणसांना पुरतात.

आता भाज्या. गाजर ३०० ग्रॅम, रताळं २५० ग्रॅम, एक मध्यम बीट, लहान फ्लॉवरचा अर्धा गड्डा, दोन लहान कांदे आणि लसणाचा एक अख्खा गड्डा. यातलं एखादं नसेल तर लाल भोपळा चालतो, नवलकोल फारच छान होतो. कोबीच्या देठासकट कापलेल्या जाड फाकाही घालून पाहा, कडा कुरकुरीत होतात. थंडीत वाढलेली मुळं गोड लागतात त्यामागे कारण आहे: गारठा पडला की काही झाडं साठवलेल्या स्टार्चची साखर करतात, आणि त्या साखरेमुळे पेशींमधलं पाणी लवकर गोठत नाही. झाडानं स्वतःच्या बचावासाठी केलेली ही गोडी भाजल्यावर आणखी दाट होते, कारण पाणी जातं आणि साखर राहते.

पाणी किती? गाजरात शंभरात सुमारे ८८ भाग पाणीच असतं, फ्लॉवरमध्ये ९२. फोडीचा पृष्ठभाग ओला आहे तोवर त्याचं तापमान १०० अंशांच्या वर जात नाही, मग ओव्हन कितीवरही लावा. खरपूसपणा मात्र साधारण १४० अंशांच्या पुढे वेग घेतो. म्हणजे आधी वरचं पाणी उडालं पाहिजे आणि ती वाफ बाहेर गेली पाहिजे. ट्रेमध्ये फोडी खेटून भरल्या की एकीची वाफ दुसरीला लागते आणि अख्खा ट्रे शिजत बसतो. नणंदेच्या जेवणाच्या दिवशी मी किलोभर भाजी एका ट्रेत रचली होती. दोन थर! वर फॉइल लावलं नव्हतं, एवढंच नशीब.

तेव्हा भाज्या आधी धुवा, मग चिरा, आणि चिरून झाल्यावर पंचावर पसरून कोरड्या करा. फ्लॉवरच्या तुऱ्यांत पाणी लपून बसतं, ते तुरे उलटे ठेवा. फ्लॉवरची कोवळी पानं आणि देठही घ्या, पानांच्या कडा भाजून पापडासारख्या होतात आणि आमच्याकडे त्यांच्यावरूनच भांडणं होतात. गाजर तिरकं, दोन सेंटिमीटर जाड. रताळ्याच्या तेवढ्याच फोडी, सालासकट. बीट याहून लहान, सेंटिमीटरभर, कारण ते हट्टी असतं. कांद्याचे बुडखा न काढता उभे सहा भाग करा, म्हणजे पाकळ्या सुटत नाहीत.

बीट शेवटी चिरा आणि वेगळ्या वाडग्यात ठेवा. त्याचा रंग पाण्यात सहज उतरतो, आणि एकदा तेल-मिठात सगळं एकत्र कालवलं की फ्लॉवर गुलाबी, रताळं गुलाबी, तुमचे हातही गुलाबी. माझ्या लाकडी पाटावर त्या हिवाळ्याचा डाग अजून आहे.

मीठ ओव्हनमध्ये घालायच्या अगदी आधी. एकदा मी शहाणपणा करून सकाळीच भाज्या तेल-मीठ लावून ठेवल्या. संध्याकाळी वाडग्याच्या तळाशी अर्धी वाटी पाणी! मीठ पाणी ओढून काढतं हे काकडीच्या कोशिंबिरीत आपल्याला रोज दिसतं, पण गाजराच्या वेळी आठवत नाही. सगळ्या भाज्यांना मिळून तीन मोठे चमचे तेल, दीड छोटा चमचा मीठ, मिरपूड. हळद, लाल तिखट असल्या बारीक पुडी आत्ता लावू नका, त्या २२० अंशांवर करपून कडू होतात. त्यांची वेळ शेवटी आहे.

ओव्हनबद्दल थोडं सविस्तर सांगते, कारण माझा बराचसा वैताग तिथूनच आला. माझा छोटा ओटीजी, म्हणजे ओट्यावरचा विजेचा ओव्हन आहे. खटका २२० वर ठेवला की मी समजायचे २२० झालं. मग आत लटकवायचा तापमापक आणला तर काटा १९० वर अडकलेला. तेव्हापासून मी खटका २५० वर ठेवते. दुसरं म्हणजे प्रत्येक ओव्हनचा एक कोपरा उनाड असतो. तो ओळखायला ट्रेभर पावाचे स्लाइस मांडा, २०० अंशांवर सहा-सात मिनिटं ठेवा आणि बाहेर काढून बघा. माझ्याकडे मागचा उजवा स्लाइस काळपट आणि पुढचे दोन्ही पांढरेफटक निघाले. म्हणून बीट नेहमी मागे उजवीकडे जातं आणि अर्ध्या वेळानंतर ट्रे फिरतो. तुमच्या ओव्हनला पंखा असेल तर २० अंश कमी ठेवा, वारा फिरत राहिल्यानं भाजी लवकर सुकते.

क्रम असा. ओव्हन थंड असतानाच रताळं एका लहान ट्रेच्या अर्ध्या भागात पसरून खालच्या कप्प्यात ठेवा. लसणाच्या गड्ड्याचा शेंडा कापून, तेलाचे चार थेंब सोडून, फॉइलमध्ये गुंडाळून त्याच्याच शेजारी. वरच्या कप्प्यात मोठा रिकामा ट्रे. आता ओव्हन चालू करा. रताळ्याला थंड ओव्हन का? त्यात एक विकर (एन्झाइम) असतं, ते साधारण ६० ते ७५ अंशांच्या दरम्यान स्टार्च तोडून त्याची माल्टोज नावाची साखर बनवतं. त्याहून जास्त तापलं की ते निकामी होतं. फोड हळूहळू तापली तर त्याला काम करायला वेळ मिळतो. थेट तापलेल्या ओव्हनमध्ये टाकलेलं आणि असं चढत्या आचेवर भाजलेलं रताळं मी एकदा शेजारी शेजारी ठेवून खाल्लं. दुसऱ्याच्या कडांना पाकाची झिलई आली होती, साखरेचा कणही न घालता.

पंधरा-वीस मिनिटांत ओव्हन तापतो. मोठा ट्रे जाड फडक्यानं धरून बाहेर घ्या, त्यावर गाजर, कांदा आणि कोपऱ्यात बीट पसरा. चर्र असा आवाज आला पाहिजे. आवाज नाही आला तर ट्रे परत आत ठेवा आणि पाच मिनिटं थांबा, लाज वाटून घेऊ नका. फोडींमध्ये बोटभर अंतर, सपाट बाजू खाली. ट्रे आत गेला की दहा मिनिटांनी लहान ट्रेच्या रिकाम्या अर्ध्यावर फ्लॉवर.

मग हात मागे. पहिली पंधरा मिनिटं उलथनं हातात घ्यायचंच नाही. फोड ट्रेला चिकटलेली असेल तर ती अजून तयार नाही. खालची बाजू खरपूस झाली की ती आपण होऊन सुटते, जबरदस्तीनं काढाल तर खरपूस भाग ट्रेलाच राहील. मात्र एकदा मध्येच ओव्हनचं दार क्षणभर उघडा. माझा चष्मा धुक्यानं भरतो, इतकी वाफ बाहेर येते. ती सगळी आत कोंडली असती. पंधरा मिनिटांनी फोडी उलटा, ट्रे फिरवा, वरचा खाली आणि खालचा वर करा. फ्लॉवरला एकूण २२ ते २५ मिनिटं, गाजर-कांद्याला ३० ते ३५, बीटाला ३५ ते ४०, आणि रताळं, लसूण थंड ओव्हनमध्ये ठेवल्यापासून मोजून ४० ते ४५. घड्याळापेक्षा काटा-चमचा खरा. काटा सहज आत जावा, पण फोड फुटू नये, आणि कडा तपकिरी दिसाव्यात. जरा जास्तच झालंय असं वाटतं तिथेच मला ते बरोबर झालेलं असतं. पोळी आणि दही दोन्ही सौम्य आहेत, त्यांना हा कडवट-गोड करकरीतपणा हवा असतो.

भाज्या आत असताना बाकीचं होतं. ५० ग्रॅम पांढरे तीळ मंद आचेवर हलके भाजा. रंग बदलायच्या आधीच उतरवा, नाहीतर ताहिनी कडू. मिक्सरमध्ये गरम असतानाच दोन मोठे चमचे तेल घालून वाटा, मधून मधून कडा खरवडत, वाहतं होईपर्यंत. आता यात अर्ध्या लिंबाचा रस घातला की ते एकदम घट्ट, फुटल्यासारखं होतं. मी पहिल्यांदा ते बिघडलं समजून ओतून दिलं होतं! बिघडत नाही. थोडं पाणी मिळालं की ताहिनी आधी आवळते आणि आणखी मिळालं की सैल, फिकट आणि मऊ होते. चमचा चमचा गार पाणी घालत घोटत राहा, तीन-चार चमच्यांत रंग पालटतो. मग चक्का, मीठ आणि भाजलेला लसूण. लसणाचा गड्डा तळापासून दाबला की पाकळ्या टूथपेस्टसारख्या बाहेर येतात, चमच्यानं चिरडून मिसळा. थर पसरवायचा आहे, ओतायचा नाही, हे लक्षात ठेवून इथेच थांबा. अजून पातळ करू नका.

भरड मसाल्याला मूठभर शेंगदाणे किंवा बदाम, दोन चमचे तीळ, एक चमचा धणे, अर्धा चमचा जिरं, सात-आठ मिरे. सगळं वेगवेगळं भाजून, पूर्ण गार करून खलबत्त्यात कुटायचं. दुक्का या नावाचं मूळही अरबीतल्या कुटण्यातच आहे. मिक्सरला लावलंत तर दाण्यांचं तेल सुटून लगदा होतो.

पोळ्या शेवटी. गोळे हातानं थापून वीत-सव्वा वीत रुंद करा, लाटण्यानं हवा सगळी जाते. लोखंडी तवा चांगला तापवा, कोरडाच. पोळी टाकल्यावर मिनिटाभरात वर फुगे धरतात, मग उलटा आणि झाकण ठेवा, आणखी दीडेक मिनिट. माझी पहिली नेहमी करपते. ती फेकताना आता वाईट वाटत नाही, कारण जॉर्डनमध्ये शुबायका इथल्या चुलींत सुमारे १४,४०० वर्षांपूर्वीच्या पोळीचे तुकडे सापडले, त्याबद्दल २०१८ मध्ये प्रसिद्ध झालं होतं. शेती सुरू होण्याच्या चारेक हजार वर्षं आधीची पोळी. ती टिकली ती करपली होती म्हणूनच. चांगल्या भाजलेल्या सगळ्या खाऊन झाल्या असणार.

तव्यावरून उतरलेली पोळी लगेच सुती फडक्यात गुंडाळा. बाकी सगळीकडे पाणी हाकलायचं, पण पोळीतलं राखायचं, नाहीतर ती दहा मिनिटांत कडक होते. डब्यात मात्र बंद करू नका, खालची पोळी घामानं भिजते.

रचताना पोळीवर आधी तुपाचा किंवा ऑलिव्ह तेलाचा पातळ हात फिरवा. या एका गोष्टीनं माझा निम्मा प्रश्न सुटला, स्निग्धपणा दह्याचा ओलावा पोळीत झिरपायला अडवतो. मग चक्क्याचा थर, कडेला बोटभर जागा सोडून. भाज्या ओव्हनमधून काढल्या काढल्या घालू नका. तीन-चार मिनिटं ट्रेवरच उघड्या राहू द्या, उरलेली वाफ जाईल. तोवर कढल्यात दोन चमचे तेल तापवून जिरं तडतडवा, गॅस बंद करा, आणि मग चिली फ्लेक्स घाला. बंद केल्यानंतर घातले की रंग लाल राहतो. भाज्या पोळीवर, बीट सगळ्यात शेवटी आणि वरच, मग भरड मसाला, कोथिंबीर किंवा पुदिना, लिंबाचे थेंब, आणि फोडणी. कात्रीनं चार तुकडे करा, सुरीनं कापताना सगळं सरकतं. रचलेली पोळी दहा मिनिटांत खाऊन व्हावी, म्हणून मी चारही एकदम रचत नाही. माणूस बसलं की त्याची.

भाज्या उरल्या तर दुसऱ्या दिवशी कोरड्या तव्यावर गरम करा, मायक्रोवेव्हमध्ये त्या परत मऊ पडतात. चक्का-ताहिनी फ्रिजमध्ये तीन दिवस राहते, भरड मसाला कोरड्या बरणीत दोन आठवडे. आणि ट्रेला चिकटलेला तो काळा, गोड थर खरवडत बसू नका. ट्रे कोमट झाला की उकळतं पाणी ओता आणि रात्रभर तसाच ठेवा. इथे पाणी हवं तितकं वापरा.